हरलेला हंगाम : वेस्ट पॉइंट, १९५१



संतसाहित्य, स्वातंत्र्यलढा, विज्ञान आणि समाज असे विषय जिथे शोभून दिसतात, त्या व्यासपीठावर मराठीच्या एका निवृत्त प्राध्यापकाने अमेरिकेतील एका लष्करी महाविद्यालयाच्या फुटबॉल संघाविषयी बोलावे, हे आपल्यापैकी काहींना विपरीत वाटेल. परंतु ज्या गुरुजींच्या स्मरणार्थ ही व्याख्यानमाला चालते, ते परीक्षेच्या वेळी प्रश्नपत्रिका वाटून झाल्या की वर्गाबाहेर व्हरांड्यात जाऊन उभे राहत, हे येथे बसलेल्या जुन्या विद्यार्थ्यांना आठवत असेल. त्यांच्या त्या उभे राहण्यामागे जो विचार होता, त्याची फार मोठ्या प्रमाणावरील आणि फार कठोर अशी एक परीक्षा १९५१ साली हडसन नदीच्या काठी झाली. माझा विषय ती परीक्षा हा आहे. फुटबॉल तिच्यात अटळपणे येतो.

प्रथम खेळाविषयी थोडे सांगितले पाहिजे. आपल्या बेळगावात, कोल्हापुरात, गोव्यात फुटबॉल म्हणजे पायाने खेळायचा चेंडू. अमेरिकेत त्याच नावाने जो खेळ चालतो, तो रग्बीच्या कुळातला आहे. चेंडू लांबट असतो, तो हातात धरून पळता येतो आणि पुढे फेकताही येतो. दोन्ही बाजूंना अकरा-अकरा खेळाडू, मैदान शंभर यार्डांचे. चेंडू ज्यांच्याकडे असेल त्यांना चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे सरकावे लागते. सरकले की पुन्हा चार प्रयत्न मिळतात, नाही सरकले तर चेंडू प्रतिपक्षाकडे जातो. चेंडू शेवटच्या रेषेपलीकडे नेला की सहा गुण, आणि त्यानंतर खांबांमधून चेंडू लाथाडला की आणखी एक. जमिनीच्या हातभर तुकड्यासाठी अंगाला अंग भिडवून चाललेली ही झटापट लष्करी मनाला का भावते, हे वेगळे सांगायला नको. त्या काळी हंगाम सप्टेंबरच्या अखेरीपासून डिसेंबरच्या आरंभापर्यंत असे, आठवड्याला एक सामना, बहुधा शनिवारी. म्हणजे साऱ्या वर्षाची कमाई नऊ-दहा दुपारांत ठरे.

वेस्ट पॉइंट हे अमेरिकी भूसेनेचे अधिकारी घडवणारे महाविद्यालय १८०२ साली स्थापन झाले. न्यूयॉर्कच्या उत्तरेस सुमारे ऐंशी किलोमीटरवर, नदीकाठच्या एका उंच खडकाळ जागी ते वसलेले आहे. तेथे फुटबॉल आला तो डेनिस मिकी नावाच्या एका कॅडेटमुळे. २९ नोव्हेंबर १८९० रोजी नौसेनेच्या महाविद्यालयाशी पहिला सामना झाला. नौसेनेने तो २४–० असा जिंकला. मिकी त्या संघाचा कर्णधारही होता आणि शिक्षकही. पुढे १८९८ मध्ये क्यूबातील सान हुआनच्या लढाईत तो मारला गेला. वेस्ट पॉइंटचे क्रीडांगण आज त्याच्याच नावाने ओळखले जाते. खेळणारा आणि रणांगणावर पडणारा हा एकच मुलगा असू शकतो, ही जाणीव या मैदानाच्या नावातच कोरलेली आहे. ती पुढील हकिगतीत ध्यानात ठेवावी लागेल.

या महाविद्यालयाची शिकवण्याची रीत एकोणिसाव्या शतकात सिल्व्हेनस थेअर या अधीक्षकाने घालून दिली. लहान लहान तुकड्या, प्रत्येक विद्यार्थ्याने रोज फळ्यापाशी उभे राहून उत्तर द्यायचे, रोज गुण मिळायचे आणि त्या गुणांवर त्याचे स्थान ठरायचे. वर्षाअखेर एकदाच उजळणी करून निभावून नेण्याची सोय तिथे नाही. गणित आणि अभियांत्रिकी यांचा भार मोठा. हा सारा डोलारा ज्या एका खांबावर उभा असतो, तो म्हणजे त्यांची ऑनर कोड. कॅडेट खोटे बोलणार नाही, फसवणूक करणार नाही, चोरी करणार नाही, एवढीच ती आहे. परीक्षेत पहारा नसतो. कॅडेटने सांगितलेला शब्द खरा मानला जातो. आणि दुसऱ्याने नियम मोडल्याचे ज्याला ठाऊक आहे त्याने ते सांगितले पाहिजे, सांगितले नाही तर तोही दोषीच, असा त्यातला सर्वांत कठीण भाग आहे. १९१९ ते १९२२ या काळात डग्लस मॅकआर्थर तेथे अधीक्षक होते. त्यांच्या कारकिर्दीत या परंपरेला विद्यार्थ्यांच्या समितीचे रीतसर रूप मिळाले.

‘ऑनर’ या शब्दासाठी आपण सहज ‘सन्मान’ म्हणून मोकळे होतो. मला तो शब्द येथे अपुरा वाटतो. मराठीत दोन जुने शब्द आहेत, दोन्ही बाहेरून आलेले आणि आता पुरते आपले झालेले : अब्रू आणि इमान. अब्रू हा फारसी शब्द, मूळ अर्थ चेहऱ्यावरचे पाणी, म्हणजे चारचौघांना दिसते ते तेज. इमान अरबीतून आले, त्याचा मुळातला अर्थ श्रद्धा. अब्रू लोकांच्या डोळ्यांत असते, इमान आपल्यापाशी असते. अब्रू जाते ती कोणी पाहिले म्हणून, इमान जाते ते कोणी पाहिले नाही तेव्हाही. वेस्ट पॉइंटचा नियम हा इमानाचा नियम आहे. आणि १९५१ पर्यंत त्या संस्थेची अब्रू मात्र मोठ्या प्रमाणात फुटबॉलवर उभी राहिली होती. पुढचा सारा पेच या दोन शब्दांच्या मध्ये आहे.

ती अब्रू मिळवून देणारा माणूस म्हणजे अर्ल ब्लेक. तो स्वतः १९२० च्या तुकडीचा. १९४१ साली डार्टमथ महाविद्यालयातून तो वेस्ट पॉइंटला मुख्य प्रशिक्षक म्हणून परतला. महायुद्धाच्या काळात इतर महाविद्यालयांचे खेळाडू सैन्यात जाऊ लागले, तर उत्तम खेळाडू वेस्ट पॉइंटकडे येऊ लागले. याचा फायदा त्याला मिळाला, हे मान्य केले पाहिजे. परंतु निव्वळ योगायोगावर एवढे घडत नाही. १९४४ मध्ये त्याच्या संघाने नऊपैकी नऊ सामने जिंकले, नोत्र दामसारख्या बलाढ्य विद्यापीठाला ५९–० असे हरवले. १९४५ मध्ये पुन्हा नऊपैकी नऊ. १९४६ मध्ये नऊ विजय आणि नोत्र दामशी एक बरोबरी, ०–०. डॉक ब्लँचर्ड आणि ग्लेन डेव्हिस या दोघांची नावे त्या काळी घराघरात पोहोचली होती. १९४४ ते १९५० या सात हंगामांचा हिशेब मांडला तर सत्तावन्न विजय, तीन पराभव आणि चार बरोबऱ्या भरतात. आक्रमणाला एक तुकडी आणि बचावाला वेगळी तुकडी, अशी विभागणी ब्लेकने शिस्तीने रुळवली. तिला त्याने लष्करी परिभाषेतले ‘प्लॅटून’ हे नाव दिले. त्याचा एक परिणाम असा, की संघात आता अकरांऐवजी बावीस पक्के खेळाडू लागत. मुले पुष्कळ, सराव लांब, अभ्यासाचे तास तेवढेच.

१९५० सालच्या जूनमध्ये कोरियात युद्ध पेटले. सप्टेंबरमध्ये टॉम लोंबार्डो तेथे मारला गेला. १९४४ च्या त्या अजिंक्य संघाचा तो कर्णधार होता. नोव्हेंबरमध्ये जॉन ट्रेंट मारला गेला. तो १९४९ च्या संघाचा कर्णधार, पदवी घेऊन बाहेर पडल्याला जेमतेम काही महिने झालेले. त्या शरद ऋतूत वेस्ट पॉइंटचा संघ मैदानावर जिंकत होता आणि त्याच मैदानावरून गेलेली मुले दुसऱ्या गोलार्धात मरत होती. २ डिसेंबर १९५० रोजी, सलग अठ्ठावीस सामने अपराजित राहिलेल्या या संघाला नौसेनेने १४–२ असे हरवले. त्या वर्षी नौसेनेचा संघ दुबळा मानला जात होता. हे अशुभाचे चिन्ह होते असे मी म्हणणार नाही. इतिहास चिन्हे दाखवीत नसतो, ती आपण मागाहून रंगवतो.

आता मुख्य प्रकरणाकडे येतो. वेस्ट पॉइंटचे सुमारे अडीच हजार कॅडेट दोन रेजिमेंटमध्ये विभागलेले होते. लेखी चाचणी पहिल्या रेजिमेंटला एके दिवशी होई आणि दुसऱ्या रेजिमेंटला दुसऱ्या दिवशी. प्रश्नपत्रिका मात्र तीच. आपल्या कोणत्याही शाळेतील शिक्षकाने हे ऐकले तर तो कपाळावर हात मारून घेईल. परंतु वेस्ट पॉइंटने ती पद्धत आळसाने ठेवली नव्हती. कॅडेटच्या इमानावर आमचा इतका विश्वास आहे, की दुसरी प्रश्नपत्रिका काढण्याची गरज नाही, असा तिच्यामागे अभिमान होता. फुटबॉलचे खेळाडू दोन्ही रेजिमेंटमध्ये विखुरलेले असत. मात्र त्यांच्या जेवणाची टेबले वेगळी होती, कारण त्यांना वेगळा आहार लागे. पहिल्या रेजिमेंटचा खेळाडू सकाळी चाचणी देऊन येई, आणि रात्री ताटावर बसल्या बसल्या दुसऱ्या रेजिमेंटमधल्या मित्राला काय विचारले ते सांगे. सरावाने थकलेल्या, गणितात मागे पडलेल्या मित्राला केलेली ही मदत होती. ती हळूहळू रूढी झाली, आणि रूढी झाल्यावर तिच्यात पाप आहे असे वाटणे थांबले. पुढे खेळाडूंच्या बाहेरचेही काही त्यात सामील झाले.

एप्रिल १९५१ च्या आरंभी एका कॅडेटने ही गोष्ट कमांडंट कर्नल पॉल हार्किन्स यांच्या कानावर घातली. हेच हार्किन्स पुढे १९६२ मध्ये व्हिएतनाममधील अमेरिकी सैन्याचे प्रमुख झाले. गुप्त चौकशी झाली, मग उघड चौकशी झाली. मुलांना एकेकटे बोलावून विचारण्यात आले. निर्णयाची फेरतपासणी करण्यासाठी तिघांची एक समिती नेमण्यात आली. तिच्यात लर्नेड हँड हे अमेरिकेतील अत्यंत आदरणीय न्यायाधीश होते, आणि दोन निवृत्त सेनाधिकारी, मिडलटन व डॅनफर्ड. समितीने अधीक्षक जनरल अर्व्हिंग यांचा निष्कर्ष उचलून धरला. ३ ऑगस्ट १९५१ रोजी नव्वद कॅडेटांना काढून टाकण्यात येत असल्याचे सैन्याने जाहीर केले. प्रत्यक्ष गेलेल्यांची संख्या यापेक्षा थोडी कमी भरली. त्यांत सदतीस फुटबॉलचे खेळाडू होते. नावे जाहीर करण्यात आली नाहीत. परंतु त्यांत प्रशिक्षक ब्लेकचा मुलगा बॉब होता, हे लपून राहण्यासारखे नव्हते. तो संघाचा क्वार्टरबॅक होता, म्हणजे प्रत्येक डाव ज्याच्या हातून सुरू होतो तो खेळाडू.

त्या वर्षी अमेरिकेत महाविद्यालयीन खेळांची आधीच नाचक्की चालली होती. न्यूयॉर्कमध्ये बास्केटबॉलचे खेळाडू जुगाऱ्यांकडून पैसे घेऊन गुण कमीजास्त करीत असल्याचे उघडकीला आले होते. विल्यम अँड मेरी महाविद्यालयात खेळाडूंच्या गुणपत्रकांत फेरफार झाल्याचे प्रकरण गाजत होते. त्यामुळे वेस्ट पॉइंटची बातमी आली तेव्हा लोकांनी ती त्याच माळेत ओवली. सेनेटर फुलब्राइट यांनी तर दोन्ही सेनादलांच्या महाविद्यालयांतून फुटबॉलच स्थगित करावा, असे सुचवले. माझ्या मते ही माळ चुकीची होती. वेस्ट पॉइंटच्या मुलांनी पैसे घेतले नव्हते, कोणी मुद्दाम सामना हरला नव्हता, शिक्षकांनी खोटे गुण दिले नव्हते. त्यांनी मित्राला प्रश्न सांगितला होता, आणि जिथे एवढेही चालत नाही अशा ठिकाणी सांगितला होता.

या शिक्षेविषयी तेव्हापासून दोन पक्ष आहेत. ब्लेक शेवटपर्यंत म्हणत राहिला की ही मुले चांगली होती, संस्थेनेच एक प्रश्नपत्रिका दोन दिवस वापरून त्यांच्यापुढे मोह मांडला, आणि शिक्षा दोषाच्या मानाने अतिशय जड झाली. मुलगा त्यात असल्यामुळे तो पक्षपाती होता, हे उघड आहे. पण त्यामुळे त्याचा मुद्दा खोटा ठरत नाही. पुढे महाविद्यालयाने स्वतःच नेमलेल्या चौकशीतही फुटबॉलला दिलेल्या अवाजवी महत्त्वावर बोट ठेवण्यात आले. दुसरा पक्ष म्हणतो, की ज्याच्या एका शब्दावर उद्या शंभर शिपाई शत्रूच्या तोफेपुढे जाणार, त्या अधिकाऱ्याचा शब्द संशयित असता कामा नये. पुढची टेकडी मोकळी आहे असे त्याने सांगितले, तर ती मोकळीच असली पाहिजे. कोरियात युद्ध चालू असताना हा युक्तिवाद वर्गातला राहत नाही.

नियम खरा होता आणि तो मोडल्यावर कारवाई झाली पाहिजे होती, असे मला वाटते. परंतु दोन ठिकाणी माझे मन अडते. पहिले असे, की गेलेल्यांपैकी काहींनी स्वतः कधी प्रश्न घेतले नव्हते की दिले नव्हते. त्यांना ठाऊक होते आणि ते गप्प राहिले, एवढाच त्यांचा गुन्हा. वीस वर्षांच्या मुलाने आपल्या खोलीत राहणाऱ्या, आपल्या शेजारी मैदानावर उभ्या असणाऱ्या मित्राचे नाव सांगावे, ही अपेक्षा किती मोठी आहे याचा विचार करावा. महाभारतात अश्वत्थामा मेल्याची अर्धवट बातमी सांगितल्याबद्दल युधिष्ठिराचा रथ जमिनीला टेकतो. पण तो तरी बोलला होता. न बोलणाऱ्याला कोणते शासन, हा प्रश्न आपल्या परंपरेतही सरळ सुटलेला नाही. भीष्म-द्रोणांच्या मौनाचे काय करायचे, यावर आपण अजून वाद घालतो.

दुसरे असे, की चौकशीत ज्यांनी विचारताच खरे सांगितले ते गेले, आणि ज्यांनी नाकारले व ज्यांच्याविरुद्ध पुरावा नव्हता असे काही राहून गेले असावेत, असा आक्षेप त्या वेळीही घेतला गेला. हा आक्षेप जितका खरा असेल, तितक्या प्रमाणात इमानाच्या नियमाने इमान राखणाऱ्यालाच शिक्षा केली, असे म्हणावे लागते. यावर तोडगा कोणापाशी नव्हता. मला तरी सुचत नाही.

एक गोष्ट मात्र संस्थेच्या बाजूने निःसंशय मांडता येते. तिच्यापुढे सोपा मार्ग होता. प्रकरण उन्हाळ्याच्या सुट्टीत गुपचूप मिटवता आले असते, पाच-दहा जणांना काढून बाकीच्यांना समज देता आली असती, आणि सप्टेंबरमध्ये तोच संघ मैदानावर उतरला असता. तिकिटे खपली असती, वृत्तपत्रांनी कौतुक केले असते. अब्रू शाबूत राहिली असती. कोणत्याही देशातील कोणत्याही संस्थेचा चालक, आपल्याकडील संस्थांचे चालक धरून, पहिल्या क्षणी हाच विचार करील. वेस्ट पॉइंटने तो मार्ग घेतला नाही.

ब्लेकला राजीनामा द्यावासा वाटत होता. तो न्यूयॉर्कला जाऊन जनरल मॅकआर्थरना भेटला. मॅकआर्थर स्वतःच त्या वर्षी ११ एप्रिलला राष्ट्राध्यक्ष ट्रुमन यांच्याकडून पदच्युत झाले होते, आणि एका हॉटेलात राहत होते. अग्निवर्षाव चालू असताना जागा सोडू नये, अशा अर्थाचा सल्ला त्यांनी दिला. ब्लेक परतला, त्याने वार्ताहरांना बोलावून आपल्या मुलांची बाजू मांडली आणि आपण राहत असल्याचे सांगितले. गेलेल्या मुलांनी इतर महाविद्यालयांत प्रवेश घेतला. त्यांच्यापैकी काहींच्या नोत्र दाममधील शिक्षणाचा खर्च एका अनाम दात्याने उचलला. तो दाता पुढे राष्ट्राध्यक्ष झालेल्या जॉन केनेडींचा पिता जोसेफ केनेडी होता.

आता त्या हंगामाकडे वळू. राखीव संघातली मुले, ज्यांना मोठ्या सामन्याचा अनुभव नव्हता, ती पहिल्या संघात आली. बावीस पक्क्या जागा भरायच्या होत्या आणि भरवशाचे खेळाडू हाताच्या बोटांवर मोजण्याइतके. पहिल्या सामन्यात व्हिलानोव्हाकडून २१–७ अशी हार. मग नॉर्थवेस्टर्नकडून, मग डार्टमथकडून, म्हणजे ज्या महाविद्यालयातून ब्लेक आला त्याच महाविद्यालयाकडून. चौथा सामना हार्वर्डशी, तो २२–२१ असा एका गुणाने गेला. सात वर्षांत मिळून तीनदाच हरलेला प्रशिक्षक एका महिन्यात चारदा हरला. पाचव्या सामन्यात कोलंबियावर १४–९ असा पहिला विजय. पुढे सदर्न कॅलिफोर्नियाकडून मोठी हार. सिटाडेल या दक्षिण कॅरोलिनातील आणखी एका लष्करी महाविद्यालयावर विजय, तो दुसरा आणि शेवटचा. पेनसिल्व्हेनियाशी पुन्हा एका गुणाने पराभव. आणि १ डिसेंबर १९५१ रोजी फिलाडेल्फियात नौसेनेशी गाठ. हा सामना म्हणजे या दोन महाविद्यालयांच्या वर्षाचा कळस. दोन्हीकडचे सारे कॅडेट गणवेशात संचलन करीत मैदानात येतात, आणि त्या काळी युद्धभूमीवरचे सैनिकही रेडिओला कान लावून बसत. निकाल नौसेना ४२, वेस्ट पॉइंट ७.

नऊ सामने, दोन विजय, सात पराभव. फुटबॉलच्या नोंदवह्यांत हा हंगाम दोन आकड्यांत मिटतो. त्याच वह्यांत १९४४ आणि १९४५ या हंगामांवर पानेच्या पाने आहेत. माझ्या दृष्टीने मात्र मोजण्याजोगा हंगाम हाच. दर शनिवारी हजारो लोकांसमोर उभे राहून, आपण हरणार हे बहुधा ठाऊक असताना, संस्थेने आपल्या निर्णयाची किंमत गुणफलकावर आकड्यांत मोजून दिली. तेही स्वतः काही न केलेल्या मुलांच्या हातून. हंगाम रद्द करून सुटका करून घेता आली असती, तीही तिने करून घेतली नाही. त्या राखीव मुलांचे नाव कोणी घेत नाही, आणि त्यांना ते अपेक्षितही नसावे.

नियमाचे पुढे काय झाले, तेही थोडक्यात सांगतो. दुसऱ्याचा अपराध खपवून न घेण्याचे कलम १९७० साली संहितेच्या शब्दांतच घालण्यात आले. १९७६ मध्ये विद्युत अभियांत्रिकीच्या घरी सोडवायच्या एका प्रश्नपत्रिकेवरून दीडशेहून अधिक कॅडेटांना जावे लागले. परंतु त्या वेळी वर्षभराने परत येण्याची मुभा देण्यात आली आणि पुष्कळ जण परतून पदवीधर झाले. १९५१ च्या मुलांना अशी मुभा नव्हती. मे २०२० मध्ये, महासाथीमुळे कॅडेट आपापल्या घरी असताना दूरस्थ पद्धतीने घेतलेल्या कॅल्क्युलसच्या परीक्षेत त्र्याहत्तर जणांवर फसवणुकीचा ठपका आला. त्यांत पुन्हा फुटबॉलचे खेळाडू होते. आठ जणांना काढण्यात आले, पन्नासाहून अधिक जणांना एक वर्ष मागे ठेवण्यात आले. शिक्षा सौम्य झाली हे योग्य की अयोग्य, यावर तेथील माजी विद्यार्थ्यांत आजही कडाक्याचे मतभेद आहेत. विद्यार्थी बदलले, गणित तेच राहिले, असे कोणी म्हटले तर मी हसेन, पण विरोध करणार नाही.

मैदानावरची हकिगत अजून पुरी व्हायची आहे. १९५२ मध्ये चार विजय, चार पराभव, एक बरोबरी. नौसेनेशी पुन्हा हार, पण या वेळी ७–० अशी. १९५१ मध्ये दुसऱ्या वर्षात असलेली, त्या मारात सापडलेली मुले १९५३ मध्ये शेवटच्या वर्षात आली होती. १७ ऑक्टोबर १९५३ रोजी न्यूयॉर्कच्या पोलो ग्राउंड्सवर ड्यूक विद्यापीठाशी सामना होता. ड्यूकचा संघ सर्व दृष्टींनी वरचढ समजला जात होता. शेवटच्या टप्प्यात वेस्ट पॉइंट १४–१३ असे पुढे असताना ड्यूकचा रेड स्मिथ चेंडू घेऊन सुटला. त्याच्यापुढे मोकळे मैदान होते. बॉब मिशॅक नावाचा कॅडेट कितीतरी मागे पडलेला, तो पाठलाग करू लागला. एरवी अशा वेळी खेळाडू चार पावले पळून सोडून देतात. मिशॅकने सोडले नाही. त्र्याहत्तर यार्ड गेल्यावर, शेवटच्या रेषेपासून अवघ्या सात यार्डांवर, त्याने स्मिथला मागून गाठून खाली पाडले. तरीही ड्यूकला चार प्रयत्न होते. चार प्रयत्न झाले, आणि चेंडू रेषेच्या अलीकडे काही इंचांवर थांबला.

त्या हंगामात सात विजय, एक पराभव, एक बरोबरी. २८ नोव्हेंबरला नौसेनेला २०–७ असे हरवले. चार वर्षांनंतरचा तो पहिला विजय. ब्लेकचा एक साहाय्यक त्यानंतर न्यूयॉर्क जायंट्स या व्यावसायिक संघाकडे गेला. १९४९ पासून तो त्याच्याबरोबर होता, १९५१ ची पडझड आणि नंतरची बांधणी त्याने जवळून पाहिली होती. विन्स लोंबार्डी त्याचे नाव. अमेरिकेतील व्यावसायिक फुटबॉलचा सर्वोच्च करंडक आज त्याच्याच नावाने दिला जातो. ब्लेक स्वतः १९५८ पर्यंत राहिला. त्या शेवटच्या वर्षी त्याचा संघ एकदाही हरला नाही.